कंसातलं

बी.ए. तिसऱ्या वर्षाला लागलेलं नाटक,
अठ्ठेचाळीस पानांचं, दोन पात्रांचं.
आई आणि मुलगी. घरातलं कोणीतरी गेलेलं आहे.
कोण, ते बाविसाव्या पानापर्यंत कळत नाही,
कळल्यावरही मोठ्यानं कोणी रडत नाही.

आमच्या झाडीपट्टीत असं नाटक नसतं.
आमच्याकडे रात्री दहाला पडदा वर,
पहाटे चारला खाली. मधे सात गाणी, दोन खून,
मरणाऱ्यालाही मरायच्या आधी एक लावणी बघावी लागते.
मी त्यात प्रॉम्प्टर आहे, तीन सीझन झाले.
विंगेत मोडकी खुर्ची, टॉर्च, वही.
कोणी अडलं की शब्द पुरवायचा,
गप्प पडू द्यायचं नाही, एवढंच काम.

म्हणून दोनाडकर सरांनी वर्गात
कंसातलं सगळं माझ्याकडे दिलं.
आम्रपाली आई झाली, देवांगना मुलगी.
‘शांतता,’ मी वाचलं, खणखणीत. वर्ग हसला.
सर म्हणाले, वाचू नकोस. पाळ.
किती वेळ, सर?
लिहिलेलं नाही, म्हणाले, आणि खिडकीकडे बघत राहिले.
राइस मिलचा पट्टा फटफटत होता.
मागच्या बाकावर कोणाचं तरी पेन पडलं.
पुढचं वाक्य माझ्या तोंडात
किडक्या दातासारखं ठसठसत होतं.
आम्रपालीनं माझ्याकडे बघितलं. मी दिलं नाही.
खरं सांगायचं तर दिलं. अकराव्या सेकंदाला.

घरी आई लाखोळी पाखडत होती.
का वाचून रायलास?
नाटक.
मंग मोठ्यानं वाच ना.

वाचत गेलो. एकतिसाव्या पानावर थांबलो.
मंग? का म्हणते ते माय?
काई नाई. चूप आहे.
किती येळ?
लिवलं नाई.

सूप थांबलं.
कोनाड्यात नितेशच्या गोळ्यांचं पाकीट आहे,
बारक्या, पिवळ्या. सहा उरल्यात.
सिकलसेलवाल्या सिस्टर दर महिन्याला आणून द्यायच्या.
आता त्या आमच्या दारापुढून
सायकलवरून उतरून, सायकल हातात धरून जातात
आणि सडक लागली की परत बसतात.
आई ते पाकीट पुसते, आरसा पुसते तेव्हाच.
दोन वर्षं झाली, त्याचं नाव
या घरात कोणी घेतलं नाही.
वर लिहिलं ते पहिल्यांदा.

लिवणाऱ्याले मालूम असन, आई म्हणाली,
आणि सूप पुन्हा सुरू झालं.

परीक्षेत प्रश्न आला:
नाटकातील शांततेचे कार्य सोदाहरण स्पष्ट करा.
मी सरांचे मुद्दे लिहिले, अधोरेखित करून.
दहापैकी सात.

मग मंडईचा सीझन. पिंपळटोल्याला तिसरा अंक,
पोराच्या प्रेताजवळ आईचं दीड पानी भाषण.
नागपूरची बाई दुसऱ्याच वाक्याला विसरली.
तिनं विंगेकडे मान किंचित वळवली.
वाक्यावर माझं बोट होतं. टॉर्च चालू होता.
मी दिलं नाही.

शेंगदाण्याच्या गाडीवरचा स्टोव्ह ऐकू आला,
तीन वर्षांत कधी ऐकू आला नव्हता.
पुढच्या रांगेतल्या म्हातारीनं चादर हनुवटीपर्यंत ओढली.
बाई उभीच. मग खाली बसली,
आणि मेलेल्या पोराच्या केसांत
तिनं बोटं घातली. हे वहीत कुठंच नाही.
पोरगंही बिचारं श्वास धरून पडलेलं.

तेवढ्यात ऑर्गनवाला घाबरला
आणि त्यानं सूर दिला.

मालकानं दोनशे कापले.

उजाडता घरी आलो. आईनं आंघोळीचं पाणी ठेवलं होतं.
कसा झाला नाटक?
एका जागी चुकलो.
कोठी?
सांगितलं. स्टोव्हचं पण सांगितलं.
किती कापले?
दोनशे.
सस्त्यात भेटलं, म्हणाली,
आणि चुलीतलं लाकूड आत सारत राहिली.
ओलं होतं. धूरच होत होता नुसता.